मान आत घालण्याआधी

चोपड्यात एप्रिल उतरणीला लागला की दिवसाचे दोनच भाग माणसाच्या हाती उरतात, उजाडल्यापासून ऊन चढेपर्यंतचा आणि दिवेलागणीनंतरचा. मधला सगळा प्रहर उन्हाचा, तो माणसानं आणि जनावरानं मिळेल त्या सावलीत काढायचा. पहाटे मात्र हे गाव फार मायाळू असतं. उत्तरेला सातपुड्याची निळसर रांग एरवीपेक्षा कितीतरी जवळ आल्याचा भास होतो, रात्रीच्या लाइटीवर पाणी भरलेल्या केळीबागांतून ओल्या मातीचा आणि सुकल्या पानांचा वास वस्तीच्या कडेपर्यंत येतो, बऱ्हाणपूर-अंकलेश्वर रस्त्यावरून केळीचे घड भरलेले ट्रक जड आवाज करत जातात, आणि डांबर अजून रात्रीचा गारवा धरून असतं. या दिवसांत कुत्र्याला बाहेर न्यायचं तर आधी हाताची मागची बाजू रस्त्यावर टेकवून पाहावी. ती जितका वेळ तिथं सुखानं राहील, तेवढाच तो रस्ता त्याच्या तळव्यांना सोसणारा. कुत्र्याला आपल्यासारखा सर्वांगाला घाम येत नाही. अंगातली बरीचशी तलखी त्याला धापेवाटेच बाहेर टाकावी लागते. म्हणून भुऱ्याला हार्नेसची सवय लावायचं ठरलं तेव्हा वेळही आपोआप ठरली, सूर्य वर येण्याआधीची.

भुऱ्या गावठी आहे. कापसाच्या एका जिनिंगच्या आवारात, सरकीच्या ढिगाआड जन्मलेला. अंगाचा रंग मातकट, एक कान उभा आणि दुसरा टोकाशी दुमडलेला. घरी आला तेव्हा त्याच्या केसांत कापसाचे तंतू अडकलेले होते आणि आईनं ते एकेक करून वेचून काढले होते. तो मोठा झाला तसा त्याच्या नाकानं त्याचा ताबा घेतला. कुठूनसा वास आला की तो सारं अंग पुढं झोकून देतो, आणि मग गळ्यातला पट्टा गळ्यातच रुततो, खोकल्याची उबळ येते, डोळ्यांत पाणी उभं राहतं, तरी पाय पुढंच. जनावरांच्या डॉक्टरांनी त्याच्या गळ्यावरून बोटं फिरवली आणि म्हणाले, ताण गळ्यावर नको, छातीवर घ्या. श्वासनलिका तिथं अगदी कातडीखाली असते.

हार्नेस पार्सलनं आला. छातीशी इंग्रजी वाय अक्षराच्या आकारात जुळणारे पट्टे, म्हणजे खांद्याचा सांधा मोकळा हलतो. आडवा पट्टा असला तर पुढचं पाऊल पुरतं पडत नाही. दोन्ही बाजूंना बकलं, एक कडी पाठीवर, एक छातीवर, आतून मऊ अस्तर. आम्ही त्याच्याकडं पाहिलं ते डोळ्यांनी. भुऱ्यानं नाकानं पाहिलं. नव्या नायलॉनचा, गोदामाचा, किती अनोळखी हातांचा वास त्यात साठलेला असेल कोण जाणे. त्यानं एकदा हुंगलं, शिंकला, आणि अंगणाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन बसला.

मग ती वस्तू त्याच्या गोणपाटाशेजारी नुसती पडू दिली. आईनं कळण्याच्या भाकरीचा कुस्करा त्या पट्ट्यांच्या आजूबाजूला टाकायला सुरुवात केली, आधी हातभर अंतरावर, मग वीतभर, मग पट्ट्यांच्या वेटोळ्याच्या मधोमध. अंगणातली धूळ त्याला लागली, आईच्या हातचं पीठ लागलं, गोणपाटाची ऊब लागली. हळूहळू ती वस्तू या घराची झाली. त्यानंतरचा भाग फार नाजूक. गळ्याचं कडं एका हातानं उघडं धरायचं, दुसऱ्या हातानं त्याच्या पलीकडं उकडलेल्या कलेजीचा तुकडा धरायचा, आणि थांबायचं. कडं पुढं सरकवायचं नाही. नाक कड्याच्या आत आलं तरी तुकडा द्यायचा, डोळ्यांपर्यंत आलं तरी द्यायचा, आणि त्यानं डोकं मागं घेतलं तर घेऊ द्यायचं. मागं जायची वाट कायम मोकळी आहे हे त्याला पटल्याशिवाय पुढची वाट उघडत नाही. बकलाच्या ‘खट्’ आवाजाची निराळीच भीती. तो आवाज आधी खोलीच्या दुसऱ्या कोपऱ्यातून ऐकवायचा, आवाज झाला की तुकडा, आवाज झाला की तुकडा, असं करत करत जवळ आणायचा. पट्टा बांधला की त्याखाली दोन बोटं सहज सरकली पाहिजेत, काखेत घासता कामा नये. आणि काढायचा तो भुऱ्या कंटाळण्याआधी काढायचा.

या सगळ्यात पाहण्याचा जो अभ्यास होतो, तो मला फार मोलाचा वाटतो. झोप आलेली नसताना कुत्रा जांभई देतो, समोर खाणं नसताना ओठ चाटतो, मान वळवून भलतीकडंच बघतो, डोळ्याच्या कडेला पांढरं दिसू लागतं, अंग कोरडं असूनही पाण्यातून निघाल्यागत झटकतो. ही त्याची ‘नको’ म्हणण्याची रीत. भुंकणं आणि गुरगुरणं फार पुढचं. आणि सगळ्यांत फसवं असतं ते त्याचं थिजणं. अंगावर पट्टे चढवले की कित्येक कुत्री जागच्या जागी उभी राहतात, शेपूट खाली, पाय जमिनीत रोवलेले, आणि बघणारा म्हणतो, बघा, किती शहाणा आहे, काही करत नाही. स्तब्धता आणि शांती लांबून अगदी एकसारख्या दिसतात. जवळ गेल्यावर कळतं की एकीत श्वास अडलेला आहे आणि दुसरीत तो सैल वाहतो आहे.

आमच्या शेजारी एक वृद्ध शेतकरी राहतात, गल्ली त्यांना आबा म्हणते. सकाळी ओट्यावर बसून ते आमचा हा उद्योग बघत असत. एकदा भुऱ्या कड्यापाशी येऊन अडला, आणि माझे हात आपोआप इंचभर पुढं गेले असावेत, कारण आबा तिथूनच म्हणाले, “भाऊ, तुम्ही नका जाऊ. त्याले येऊ द्या.” नंतर चहाला आले तेव्हा त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली. “गोऱ्हा जुवाखाली उभा राह्यला म्हणजे शिकला असं नसतं. त्याचा कान पाहाचा. कान मोकळा हालला की मग समजाचं.”

गोऱ्हा शिकवताना मी लहानपणी पाहिला आहे, अनेर नदीच्या अंगाला असलेल्या मामांच्या गावी. जोडीला वयस्कर, शांत बैल द्यायचा. नांगरटीच्या भुसभुशीत वावरात न्यायचं, म्हणजे नवा पळाला तर लवकर दमतो आणि पडला तर त्याला लागत नाही. आधी नुसतं जू मानेवर. त्याआधीच केव्हातरी नाक टोचून वेसण घातलेली असायची, आणि त्या दिवशी गोठ्यातून आलेला आवाज आम्ही मुलं कानांवर हात ठेवूनही ऐकत असू. मग मागं ओंडका, मग रिकामा वखर, मग खरं काम. मामा हाडाचे प्रेमळ गृहस्थ. ते गोऱ्ह्याच्या बाजूनं चालत, एक हात त्याच्या वशिंडाशी ठेवून, सारखं काहीतरी बोलत. काय बोलत ते आम्हांला कधी कळलं नाही, पण त्या बोलण्याला एक लय होती आणि गोऱ्ह्याची पावलं हळूहळू त्या लयीत पडत. तरीही मृगाचा दिवस ठरलेला असायचा. पेरणीला बैल कमी पडून चालणार नव्हतं. तुझी तयारी झाली का, असं गोऱ्ह्याला विचारत बसायला ऋतूनं सवड ठेवलेली नव्हती, आणि ज्याचं घर त्या पेरणीवर चालायचं त्याला त्यासाठी बोल लावणं मला जमत नाही.

पण विचारायचं राहिलं आहे याची जाणीव त्या घरांना होती असं मला वाटतं. श्रावणी अमावस्येचा पोळा, आणि त्याच्या आदल्या संध्याकाळची ती खांदेमळणी. जू वाहून वाहून निबर झालेला, कधी सुजलेला, कधी सोललेला तो मानेचा भाग गरम पाण्यानं शेकायचा, हळद आणि तूप चोळायचं, आणि उद्या जेवायला या असं बैलांना रीतसर आमंत्रण द्यायचं. वर्षभर ज्याला हाक मारून जुंपलं त्याला एक दिवस घरच्या सोयऱ्याच्या मानानं बोलावायचं. मामी तेव्हा बैलाच्या खांद्यावर तळवा ठेवून बराच वेळ तशीच उभी राहायची. आता त्या गावात बैलजोड्या मोजक्याच राहिल्या आहेत. पोळ्याला ट्रॅक्टरच्या बॉनेटवर हळदकुंकू वाहिलं जातं, आणि ते वाहणारी माणसंही तितक्याच मनापासून वाहतात.

बैलाला वशिंड असतं म्हणून जू तिथं टेकतं, ओढीचा भार खांद्यावर येतो, गळा मोकळा राहतो. घोड्याला वशिंड नाही. त्याच्या छातीवर भार घेणारा पट्टा आणि खांद्यांभोवती बसणारं कडं माणसाला सुचायला बराच काळ जावा लागला. कुत्र्यालाही वशिंड नाही. अरबस्तानातल्या शुवैमिस आणि जुब्बा इथल्या खडकांवर सुमारे आठ हजार वर्षांपूर्वीची मानली जाणारी शिकारीची चित्रं कोरलेली आहेत. त्यांत काही कुत्र्यांच्या मानेपासून निघालेली रेघ थेट शिकाऱ्याच्या कमरेपर्यंत जाते. कुत्र्याला बांधल्याचं इतकं जुनं चित्र दुसरं सापडलेलं नाही. रेघ मानेपासूनच निघते, छातीपासून नाही. ज्या कोणी ती कोरली त्याला आपला कुत्रा आवडत असणार, कारण काही कुत्र्यांच्या अंगावरचे ठिपकेही त्यानं निगुतीनं दाखवले आहेत.

आणि आपल्याकडं दायमाबाद आहे. प्रवरेच्या काठी, श्रीरामपूर तालुक्यात, १९७४ साली एका भिल्ल शेतकऱ्याला झाडाचं मूळ खणताना ब्राँझच्या चार जड वस्तू मिळाल्या: हत्ती, गेंडा, रेडा आणि एक रथ. रथ पंचेचाळीस सेंटिमीटर लांब. त्याला दोन बैल जुंपलेले, मागं एक माणूस उभा. त्यांच्या काळाविषयी विद्वानांत मतभेद आहेत, तरी साडेतीन-चार हजार वर्षांचा हिशेब बहुतेक जण मांडतात. या दायमाबादचा खानदेशाशीही धागा आहे, कारण तिथल्या सर्वांत खालच्या थरातली वस्ती ज्या सावळदा संस्कृतीची, तिचं नाव आमच्या तापीकाठच्या गावावरून पडलेलं. मला त्या रथातली सर्वांत हृद्य वाटते ती एक छोटी आकृती. माणसाच्या पुढ्यात, रथाच्या दांडीवर, एक कुत्रा उभा आहे. बैलांच्या मानांवर जू आहे. कुत्र्याला मात्र कुणी जुंपलेलं नाही. तो दांडीवर तोल सांभाळून उभा आहे. ओतकाम करणाऱ्यानं एवढ्या अवघड जागी ती आकृती का घडवली असेल? मला वाटतं, त्यानं रोज तसंच पाहिलं असेल. गाडी निघाली की कुत्रा उडी मारून दांडीवर चढत असेल. आमच्या घरातल्या दत्ताच्या तसबिरीतही चार कुत्री पायांशी आहेत आणि त्यांतल्या एकाच्याही गळ्यात साखळी नाही. सातपुड्यातल्या पाड्यांवरून आठवडे बाजाराला येणाऱ्या माणसांमागं कुत्री येतात, तीही मोकळीच, कोसभर चालत, वाटेत थांबत, पुन्हा धावत येऊन गाठत. मग माझ्या अंगणात हे पट्टे कशाला, असा प्रश्न मला पडतो, आणि त्याचं उत्तरही दाराबाहेरच असतं: केळीचे ट्रक, भरधाव मोटारसायकली, आणि हुंगण्याच्या नादात जगाचं भान विसरणारं हे जनावर. पाड्याच्या वाटेवर पट्टा लागत नाही. महामार्गाच्या कडेला लागतो.

पट्टा अंगावर सुखानं वागवणं ही गोष्ट निष्पाप आहे असंही मला म्हणवत नाही. रशियन शरीरक्रियाशास्त्रज्ञ पाव्हलॉव्हच्या प्रयोगशाळेतली कुत्री पट्ट्यांनी चौकटीला बांधून उभी केलेली असत. त्यांच्यातला एक कुत्रा एरवी अतिशय गरीब, पण चौकटीत ठेवलं की त्याची तळमळ सुरू व्हायची आणि लाळ अखंड गळायची. आजारपण म्हणावं तर तसं काही नव्हतं. पाव्हलॉव्हनं त्याला एक नाव दिलं, स्वातंत्र्याची प्रतिक्षिप्त क्रिया, आणि १९१७ साली त्याविषयी लिहिलं. पुढं त्या कुत्र्याला खाणं फक्त त्या चौकटीतच मिळू लागलं. आधी तो फारसं खाईना, वजन उतरलं. मग खाऊ लागला. मग शांत झाला. विज्ञानाच्या दृष्टीनं ती नोंद मोलाचीच आहे. मी मात्र ‘शांत झाला’ या शब्दांपाशी अडखळतो, आणि आबांनी सांगितलेला कान आठवतो. तो कान तिथं कुणी पाहिला असेल का?

लायकाचीही आठवण होते. मॉस्कोच्या रस्त्यावरची भटकी कुत्री, स्वभावानं सौम्य म्हणून निवडलेली. तिला आधी लहान पिंजऱ्याची, मग त्याहून लहान पिंजऱ्याची सवय लावण्यात आली, वीस-वीस दिवसांपर्यंत. अंगावर हार्नेस चढवून तिला इतक्या थोड्या जागेत राहायला शिकवलं की वळताही येऊ नये. शिकवणारी माणसं निष्ठुर नव्हती. उड्डाणाआधी त्यांच्यातला एक जण, डॉ. याझ्डोव्स्की, तिला आपल्या घरी मुलांशी खेळायला घेऊन गेला होता. ३ नोव्हेंबर १९५७ रोजी ती स्पुटनिक-२ मधून अंतराळात गेली, आणि परत आणण्याची सोय त्या यानात नव्हतीच. ती काही तासांतच उष्म्यानं गेली हे जगाला २००२ मध्ये कळलं. त्याआधी १९९८ साली ओलेग गझेन्को या तिच्या प्रशिक्षकानं उघडपणे सांगितलं होतं की आपल्याला त्या गोष्टीचा अधिकाधिक खेद वाटतो, तिचा प्राण जावा इतकं काही आपण त्यातून शिकलो नाही. चोपड्याच्या मे महिन्यात दुपारी भुऱ्या मोरीतल्या ओल्या फरशीवर पोट टेकवून पडलेला असतो, जीभ बाहेर, बरगड्या भरभर हलत, आणि मला ते यान आठवतं. तिनंही कुणाच्यातरी हातातला घास पाहूनच पहिल्यांदा मान पुढं केली असेल.

रीत तीच आहे. हळूहळू जवळ आणणं, घास देणं, वाट पाहणं, विश्वास बसवणं, हे सारं मी अंगणात करतो तेच तिथंही झालं. कुत्र्याला पट्टा कळतो, तो पट्टा कुठं नेणार आहे हे कळत नाही. ते पट्टा धरणाऱ्याला ठाऊक असतं. पहिल्या महायुद्धात दृष्टी गमावलेल्या सैनिकांसाठी १९१६ साली जर्मनीतल्या ओल्डनबर्गला वाटाड्या कुत्र्यांची शाळा निघाली. पुढं अशा कुत्र्यांच्या हार्नेसला ताठ मूठ आली, आणि तिच्यातून कुत्र्याच्या अंगाची प्रत्येक हालचाल माणसाच्या तळहाताला कळू लागली. कुत्रा थांबला की माणूस थांबतो. पुढं खड्डा आहे हे कुत्र्याला माहीत असतं. त्या मुठीच्या दोन्ही टोकांना विश्वास ठेवणारा कुणीतरी आहे. असा हार्नेस मला पूज्य वाटतो.

भुऱ्यानं एके सकाळी स्वतःहून मान आत घातली. मी कडं धरून बसलो होतो, दुसऱ्या हातात कलेजी होती, पण त्यानं तिच्याकडं पाहिलं नाही. तो आला, डोकं कड्यातून पार काढलं आणि माझ्या मनगटावर हनुवटी टेकवून उभा राहिला. दुमडलेला कान सैल हलत होता. ओट्यावर आबा होते, त्यांनी ते पाहिलं आणि नुसती मान हलवली. मला आनंद झाला, आणि त्या आनंदाच्या तळाशी थोडी हुरहूर होती. कुत्र्याचा हा होकार कितपत त्याचा? घासामुळं आला, सवयीनं आला, की माझा वास त्याला घरच्या इतर सगळ्या वासांबरोबर सुरक्षित वाटतो म्हणून आला, हे वेगळं काढता येणार नाही. आपले तरी किती होकार असे वेगळे काढता येतात? मला एवढंच करता येतं की त्याचा नकारही चालू द्यायचा. काही सकाळी तो कड्याकडं पाहतो आणि गोणपाटावर परत जातो. मग त्या दिवशी आम्ही रस्त्यावर जात नाही, अंगणातल्या लिंबाखाली बसतो. मामांना गोऱ्ह्यापाशी जी सवड मिळाली नाही ती मला मिळाली आहे, कारण भुऱ्यावर कुणाची पेरणी अवलंबून नाही.

छातीच्या कडीला दोरी लावल्यापासून ओढ कमी झाली आहे. तो पुढं झेपावला की पट्टा त्याला हलकेच वळवतो, तो मागं बघतो, मी थांबलेला असतो, मग तो परत येतो. खोकला गेला. पावसाळ्यात मात्र सांभाळायला हवं, ओलं अस्तर अंगावर राहिलं तर काखेत कातडी लाल होते. दोन पट्टे असते तर एक वाळत टाकता आला असता, म्हणून दुसरा मागवला आहे, आणि तो आला की नव्या वासाशी ओळख पुन्हा पहिल्यापासून. शिवाय आईनं आता मनावर घेतलं आहे की यंदाच्या पोळ्याला घरात बैल नसला तरी भुऱ्या आहे, त्याच्या पाठीवरच्या कडीला तांबडा गोंडा बांधायचा आणि एक घुंगरू. गोंड्याचं काही नाही. घुंगराचा आवाज त्याच्या कानाशी सतत होत राहिला तर त्याला तो नको वाटेल, असं मी तिला सांगितलं. ती म्हणाली, मग आतापासून लांबून ऐकवू या. काल तिनं माळ्यावरच्या पेटीतून मामांकडची जुनी घुंगरमाळ काढली, तिच्यातलं एक घुंगरू सोडवलं, स्वयंपाकघराच्या दारातून ते एकदाच वाजवलं, आणि भुऱ्याचा उभा कान वळला तशी तिनं त्याच्याकडं भाकरीचा तुकडा टाकला.